दादासाहेबांचा वाटाणा आणि आपलं नाशिक

द्वारका चौकात गाडी अडकली की माणसाला विचार करायला भरपूर वेळ मिळतो. आग्रा रोडची गर्दी, पुणे रोडची गर्दी, वर उड्डाणपूल आणि खाली आपण. परवा असाच अडकलो होतो. शेजारच्या रिक्षातला एक मुलगा मोबाइल बाहेर काढून ती गर्दी शूट करत होता. नुसतंच. कुठली घटना नाही, भांडण नाही, अपघात नाही. मला आधी हसू आलं. मग घरी लेकीने चालवलेला उद्योग आठवला आणि हसू थांबलं.

लेकीने शाळेच्या प्रकल्पासाठी एका वाटीत माती घालून वाटाणा पेरला होता. स्वयंपाकघराच्या खिडकीत आईचा जुना मोबाइल उभा करून टाइमलॅप्स लावला होता. चार दिवसांनी तिने मला तो व्हिडिओ दाखवला. माती हलते, कोंब वर येतो, मान वळवतो. वीस सेकंदांचा खेळ. मी तिला म्हटलं, "अगं, हे आपल्या दादासाहेब फाळक्यांनी 1912 साली केलंय." ती म्हणाली, "त्यांनी तर राजा हरिश्चंद्र केला ना?"

चूक तिची नाही, आमची आहे. वीस वर्षं मी या शहरात पत्रकारिता करतोय. दरवर्षी 30 एप्रिलला जयंतीची बातमी, 16 फेब्रुवारीला पुण्यतिथीची बातमी. "भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक दादासाहेब फाळके यांच्या प्रतिमेला पुष्पहार अर्पण करून..." पुढचं वाक्य तुम्हाला पाठ असेल. मीच लिहिलेलं आहे. मागच्या वर्षीची फाइल उघडायची, पाहुण्यांची नावं बदलायची, बातमी तयार. या वीस वर्षांत एकदाही मी त्या वाटाण्याबद्दल लिहिलं नाही. म्हणून आज ही पोस्ट. थोडी लांब आहे, पण वाचा.

धुंडिराज गोविंद फाळके हा माणूस आपला. जन्म त्र्यंबकेश्वरचा, 30 एप्रिल 1870. वडील संस्कृतचे शास्त्री. मुलगा मात्र हाताने काम करणारा निघाला. मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्ट, मग बडोद्याचं कलाभवन. चित्रकला शिकले, फोटोग्राफी शिकले, ब्लॉक बनवायला शिकले, छपाई शिकले. गोध्र्याला फोटो स्टुडिओ टाकला. तिथे प्लेगने पहिली पत्नी आणि मूल गेलं. जादूचे प्रयोग शिकले आणि स्वतःचं आडनाव उलटं करून 'प्रोफेसर केळफा' या नावाने खेळ करू लागले. पुरातत्त्व खात्यात नोकरी केली, ती सोडली. लोणावळ्याला आणि मग दादरला छापखाना काढला, यंत्रं आणायला जर्मनीला जाऊन आले, भागीदाराशी पटलं नाही, तोही सोडला. म्हणजे चाळिशी ओलांडलेला, बेकार, घरात बायकापोरं असलेला माणूस. आपल्या गल्लीत असा कोणी असता तर आपण काय म्हटलं असतं? "याचं काही खरं नाही."

1911 च्या ईस्टरला गिरगावात तंबूतल्या सिनेमात त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि डोक्यात किडा शिरला, ही गोष्ट आपण सगळ्यांनी ऐकलेली आहे. त्यानंतरचे महिने मात्र फारसे सांगितले जात नाहीत. दादासाहेब रोज सिनेमे पाहत होते. घरी खेळण्यातला प्रोजेक्टर आणला होता, मेणबत्ती आणि भिंग लावून भिंतीवर चित्रं पाडत होते. झोप नाही, डोळ्यांना विश्रांती नाही. शेवटी डोळ्यांनी दगा दिला, काही दिवस दिसेनासं झालं. डॉ. प्रभाकर यांनी उपचार केले, तीन-चार चष्मे देऊन दृष्टी सावरली. ती सावरल्याबरोबर हा गृहस्थ पुन्हा तिथेच. विम्याच्या पॉलिसी गहाण टाकल्या, दहा हजार रुपये उभे केले आणि 1 फेब्रुवारी 1912 ला लंडनची बोट धरली. तिथे 'बायोस्कोप' साप्ताहिकाचे संपादक भेटले, त्यांनी सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओत पाठवलं. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, फिल्मला भोकं पाडायचं यंत्र अशी खरेदी करून 1 एप्रिलला माणूस परत मुंबईत.

आता वाटाणा.

कॅमेरा आला, पण सिनेमा काढायला पैसा नव्हता. पैसेवाल्याला सांगून पटत नाही, दाखवावं लागतं. मग काय दाखवायचं? राजा नाही, राणी नाही, कपडेपट नाही, नट नाहीत. आधी त्यांनी दारात खेळणारी पोरं चित्रित केली. मग एका कुंडीत वाटाणा पेरला आणि कॅमेरा तिच्यासमोर रोवून ठेवला. महिनाभर. रोज थोडं थोडं चित्रण. ती फिल्म पडद्यावर चालवली तेव्हा मिनिटभरात बी फुटलं, कोंब आला, रोप वाढलं. नाव ठेवलं 'अंकुराची वाढ'. निवडक लोकांना बोलावून दाखवली. यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहारे यांनी ती पाहून कर्ज द्यायची तयारी दाखवली आणि त्यातून 'राजा हरिश्चंद्र' उभा राहिला. 3 मे 1913 ला तो गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लागला.

म्हणजे भारताच्या पहिल्या कथापटाचं भांडवल एका वाटाण्याने मिळवलंय. आणि तो वाटाणा कथा नव्हता, माहितीपट होता. हे वाक्य पुन्हा एकदा वाचा, कारण माझ्या वीस वर्षांच्या बातम्यांत ते कुठेच नाही.

पत्रकाराची सवय म्हणून थोडा हिशेब केला. बहुतेक ठिकाणी लिहिलेलं असतं की दादासाहेबांनी रोज एक चित्र घेतलं. मूकपटाच्या काळात सेकंदाला साधारण सोळा चित्रं चालत. रोज एक, असं महिनाभर घेतलं तर तीस चित्रं झाली. ती पडद्यावर दोन सेकंदसुद्धा टिकणार नाहीत. मिनिटभराची फिल्म हवी तर साडेनऊशेच्या वर चित्रं लागतात. म्हणजे रोजची तीस-बत्तीस. दिवसाच्या उजेडातच घ्यायची म्हटली तर दर वीस-पंचवीस मिनिटांनी एक, किंवा मग एकच चित्र पुन्हा पुन्हा छापायचं. नक्की काय केलं ते दादासाहेबांनाच ठाऊक. पण त्या काळचा कॅमेरा हाताने फिरवायचा, हँडलच्या एका फेऱ्यात साधारण आठ चित्रं पडायची. तो कॅमेरा थांबवत थांबवत चालवायचा, कुंडी जागची हलू द्यायची नाही, घरातल्या पोरांना तिकडे फिरकू द्यायचं नाही, महिनाभर. आमची लेक एक बटण दाबून शाळेत गेली. तिचं कौतुक आहेच, पण बटणामागे हा महिना आहे.

कोणी म्हणेल, जगात हे आधी झालं नव्हतं का? झालं होतं. इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथ यांनी 1910 मध्येच फुलं उमलतानाची फिल्म काढली होती. आपल्याकडेही सत्य घटना कॅमेऱ्यात धरणारे फाळके पहिले नव्हेत. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, यांनी 1899 मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. 1901 मध्ये केंब्रिजहून रँग्लर होऊन आलेल्या रघुनाथ परांजप्यांचं मुंबईतलं स्वागतही त्यांनी टिपलं. "आमचा माणूस जगात पहिला" असं म्हणायची मला हौस नाही. फरक वेगळा आहे. सावे दादांनी जे घडत होतं ते टिपलं. दादासाहेबांनी जे डोळ्यांना दिसतच नाही ते दिसेल अशी युक्ती केली. रोप वाढताना कोणाला दिसतं? कॅमेऱ्याने वेळच दुमडून दाखवला. शिवाय ही फिल्म प्रयोगशाळेत झाली नाही, दादरच्या राहत्या घरात झाली. एक माणूस, त्याची बायको, त्याची पोरं आणि एक कुंडी.

बायकोचा उल्लेख ओझरता करून चालणार नाही. सरस्वतीबाई. त्या वेळी कच्च्या फिल्मला भोकं पाडून घ्यावी लागत, त्याशिवाय ती कॅमेऱ्यात चालत नसे. आणि हे काम अंधारात. ते सरस्वतीबाई करायच्या. 'राजा हरिश्चंद्र' 3,700 फुटांचा होता. एका फुटात सोळा चित्रं, एका चित्राला दोन्ही बाजूंना मिळून आठ भोकं. गुणाकार करून बघा, पावणेपाच लाखांच्या घरात जातो. तोही एकाच प्रतीचा, आणि वाया गेलेली फिल्म वेगळी. यंत्र एका वेळी कितीही भोकं पाडू दे, अंधारात बसून ती फिल्म सरकवणारे हात त्यांचे होते. दिवसा सगळ्या मंडळींचा स्वयंपाक, रात्री हे. रसायनं कालवायची, फिल्म धुवायची, चित्रीकरणात उन्हात पांढरी चादर धरून उभं राहायचं. जयंतीच्या आमच्या बातमीत यांचं नाव आलं तर "यावेळी पत्नी सरस्वतीबाई यांनीही साथ दिली" एवढंच येतं. साथ?

पुढचा भाग आपल्या गावचा. 'राजा हरिश्चंद्र' चालल्यावर दादासाहेब 1913 मध्येच बिऱ्हाड आणि कंपनी घेऊन नाशिकला आले. 'मोहिनी भस्मासुर', 'सत्यवान सावित्री' हे चित्रपट इथले. ही नावं अभ्यासक्रमात असतात. पण त्याच काळात त्यांनी छोट्या छोट्या फिल्मांचा सपाटा लावला होता, त्यांची यादी वाचून मी चक्रावलो. गोदावरीची दृश्यं. कार्तिकी पौर्णिमेचा उत्सव. तळेगावचा काच कारखाना, तोच तो, पैसा फंडाच्या एकेक पैशातून उभा राहिलेला. आगकाड्यांची मौज, म्हणजे काड्यापेटीतल्या काड्या आपोआप हलतात, आकार घेतात. प्रोफेसर केळफांचे जादूचे प्रयोग, ज्यात पडद्यावर खुद्द दादासाहेब.

1914 मध्ये ते आपले चित्रपट घेऊन पुन्हा लंडनला गेले होते. तिथे कौतुक झालं, आणि महायुद्ध सुरू झालं. इकडे पैसे देणाऱ्यांनी हात आखडता घेतला, फिल्म मिळणं अवघड झालं. मोठा चित्रपट काढायला ऐपत नाही, तर काड्यापेटी घ्या. एरवी आपण अडचण सांगतो आणि बसतो. हा माणूस अडचणीच्या मापाचा सिनेमा काढत होता.

एक फिल्म तर मला सगळ्यात जास्त आवडते. 'चित्रपट कसे तयार करतात', 1917 ची. तिचा काही भाग आजही पाहायला मिळतो. त्यात दादासाहेब स्वतः आहेत. कलाकारांना सूचना देतायत, फिल्मची पट्टी हातात धरून निरखतायत. जादूगाराने आपणहून पोतडी उघडून दाखवावी तसं. आजच्या भाषेत 'मेकिंग ऑफ'. तारखा बघा. इंग्रजीत या जातीच्या सिनेमाला 'डॉक्युमेंटरी' हा शब्द जॉन ग्रिअरसनने लावला 1926 मध्ये. कॅमेरामनच आपल्या सिनेमाचा विषय असलेला झिगा व्हर्टोव्हचा जगप्रसिद्ध सोव्हिएत चित्रपट आला 1929 मध्ये. आमचे दादासाहेब 1917 मध्ये कॅमेऱ्यासमोर उभे राहून सांगत होते, हे असं असतं बघा. फिल्म स्कूल नाही, शब्द नाही, सिद्धांत नाही.

त्यांच्या पौराणिक चित्रपटांतही हा माहितीपटवाला डोकावतो. 'कालिया मर्दन', 1919. कृष्णाचं काम त्यांच्याच मुलीने, मंदाकिनीने केलं. चित्रपटाच्या सुरुवातीला गोष्ट सुरू होतच नाही. आधी सात वर्षांची ही मुलगी कॅमेऱ्याकडे बघून एकेक भाव करून दाखवते. राग, हसू, रडू. जणू बाप प्रेक्षकांना सांगतोय, ही माझी पोर, ही आता तुमच्यासाठी कृष्ण होणार. मग ती कृष्ण होते. देव दाखवायचा आणि देव कसा तयार झाला तेही दाखवायचं, आणि तरी लोकांनी पडद्यासमोर हात जोडायचे. घरातलं आणि पडद्यावरचं यात त्यांनी भिंतच ठेवली नाही. 'राजा हरिश्चंद्र'मधला रोहिदास हाही त्यांचाच मुलगा, भालचंद्र.

यातलं आज किती शिल्लक आहे? फार थोडं. वाटाण्याची फिल्म नाही. गोदावरीची दृश्यं, 1914 च्या आसपासचे आपले घाट, आपली माणसं, आपलं पाणी, तीही आज बघायला मिळत नाहीत. त्या काळची नायट्रेट फिल्म पटकन पेट घेई, नाहीतर आपोआप कुजून जाई. बऱ्याच फिल्मा तर त्यातली चांदी काढण्यासाठी भंगारात गेल्या. पुण्यात 1964 मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं आणि पी. के. नायर यांनी देशभर फिरून डबे गोळा केले. फाळके कुटुंबीयांकडून मिळालेली रिळं त्यांनी जपली, म्हणून आज आपण मंदाकिनीला बघू शकतो. दादासाहेब स्वतः 16 फेब्रुवारी 1944 ला नाशिकमध्येच गेले. शेवटची वर्षं हलाखीची. बोलपट आल्यावर हा मूकपटाचा राजा मागे पडला होता.

नंतर एका माणसाने दादासाहेबांचा पिच्छा पुरवला, त्याचं नाव इथे घ्यायलाच हवं. कमल स्वरूप. 'ओम दर-ब-दर' हा अफलातून चित्रपट करणारे. त्यांनी वर्षानुवर्षं फाळक्यांचा माग काढला. दादासाहेब जिथे जिथे राहिले त्या गावांत जाऊन तरुण मुलांना घेऊन कार्यशाळा केल्या, कागद, चित्रं, आठवणी जमवल्या. मधल्या काळात दादासाहेब सिनेमावर रुसून काशीला गेले होते आणि तिथे त्यांनी 'रंगभूमी' नावाचं नाटक लिहिलं. त्या रुसव्याच्या काळावर कमल स्वरूप यांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी 'रंगभूमी' हा माहितीपट केला. त्याला 2013 च्या सर्वोत्कृष्ट कथाबाह्य चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यात नेहमीसारखा भारदस्त आवाज नाही की "थोर विभूतीचा जन्म" नाही. शोधणारा माणूस स्वतःच फिल्ममध्ये आहे, काशीत फिरतोय, फाळक्यांना हुडकतोय. आनंद पटवर्धनांनी आयुष्यभर रस्त्यावरच्या चळवळी चित्रित केल्या, आणि अलीकडे 'वसुधैव कुटुंबकम'मध्ये कॅमेरा घरात वळवला, स्वतःच्या म्हाताऱ्या आईवडिलांकडे. बघा, वाट फिरून पुन्हा तिथेच येते. घर, माणसं, आणि आपण स्वतः. दादरच्या कुंडीपाशी.

आता हे सगळं मी का सांगतोय?

द्वारकेवरून मुंबईच्या दिशेने निघालात की पाथर्डी फाट्याजवळ पांडवलेणीच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे. लहानपणी सहलीला गेला असाल. त्याच्या दुरवस्थेच्या बातम्या मीही केल्यात, पुन्हाही करीन. पण मला वाटतं स्मारक नुसत्या सिमेंटचं नसतं. दादासाहेबांनी या गावाला दिलेली खरी गोष्ट म्हणजे जवळचं बघायची सवय. नदी वाहतेय, तिच्यावर कॅमेरा लावा. कारखान्यात काच ओतली जातेय, तिथे लावा. काहीच नसेल तर वाटाणा पेरा.

2027 च्या सिंहस्थात शाही मिरवणुका, साधू, हेलिकॉप्टरमधली पुष्पवृष्टी यांचे लाखो व्हिडिओ निघतील. काढा, जरूर काढा. पण घाटावर चपला सांभाळणारी म्हातारी, गर्दीसाठी खिचडीची पातेली चढवणारे आचारी, दुसऱ्या दिवशी पहाटे घाट धुणारे सफाई कामगार, रस्ता रुंदीकरणात जाणारी तुमच्या गल्लीतली जुनी वडापावची गाडी, हेही टिपा. शंभर वर्षांनी कोणीतरी विचारेल, तेव्हाचं नाशिक कसं होतं? तेव्हा आपल्याकडे 1914 सारखं फक्त नाव उरायला नको.

आणि एक विनंती. घरातला माळा उघडा. 1991 च्या, 2003 च्या सिंहस्थाच्या व्हीएचएस कॅसेट, उड्डाणपूल नसतानाची द्वारका दिसणारी लग्नाची वरात, आजोबांची आठ एमएमची रिळं, काहीतरी निघेल. बुरशी लागली असेल तरी टाकू नका, भंगारवाल्याला देऊ नका. आधी डिजिटल करून घ्या, मग काय ते ठरवा. जे सापडेल ते मला कळवा. त्याची बातमी मी नक्की करीन, आणि ती मागच्या वर्षीच्या फाइलमधली नसेल.

लेकीचा वाटाणा आता खिडकीच्या गजाला वेटोळं घालून वर चढलाय. व्हिडिओ तिने शाळेत दाखवला. शेवटी तिने स्वतःहून एक ओळ घातली आहे: "ही कल्पना दादासाहेब फाळके यांची, 1912."

माझ्या वीस वर्षांच्या बातम्यांत नव्हती ती ओळ.